डावीकडून तिसरा

दांडिया बाजारातल्या माझ्या दुकानाची पायरी
ती चढली तेव्हा काखेत कागदांची गुंडाळी,
कोपऱ्यांवर चहाचे डाग.
एल्फ्रीडे क्रांझ. आमच्या जिभेला वळेना, म्हणून अल्फीबाई.
कॉलेजच्या नाटकासाठी जर्मनीहून आलेली,
देखावे तिचे, कपडेही तिचेच.

चौदा फौजी कोट शिवले मी.
काजं हातानं, अस्तराला एक चुणी नाही.
तिनं बोटांनी शिवण चाचपली, मान डोलावली,
आणि माझ्याच पायरीवर बसून
खोबऱ्याच्या किसणीनं कोपरं घासायला लागली.
विटेचा चुरा. उकळलेला चहा. मेणबत्ती.
समोरचा पानवाला म्हणाला, गांडी छे.
मी आत जाऊन मशीनला तेल घालत बसलो,
घातलेलंच.

दुभाषी पोरानं मग सांगितलं:
लढाई संपली तेव्हा बाई नऊ वर्षांची.
आईनं काकाच्या कोटातून तिला फ्रॉक बेतला.
बिल्ला उसवला, तिथं कापड गडद राहिलं,
तळहाताएवढं.
वर्गात सगळे तिथंच बघायचे.
"कपड्यात मी तेवढंच शोधते," म्हणाली,
"ऊन न लागलेली जागा."

लाइपझिगच्या ऑपेरात सात वर्षं नुसत्या टोप्या केल्या तिनं.
एका सिनेमासाठी अख्खी गल्ली उभारली,
पैसेवाला पळाला,
लाकडाची कोंबड्यांची खुराडी झाली.
हे सांगताना ती हसली,
मग दोरा दातानं तोडला. कात्री शेजारीच होती.

पोस्टमनच्या शर्टावर सगळं अडलं.
किसणी चालेना, चहा चालेना.
शेवटी तिची नजर माझ्यावर.
शिंप्याच्या अंगावर फाटकं, लोक म्हणतातच:
उलटवलेली कॉलर, तीही विरलेली.
बदल्यात अडीच मीटर पॉपलिन.
दिला काढून.
आणि ऐन वैशाखात, सूरसागरच्या काठानं,
जर्मन शिपायाचा कोट घालून घरी गेलो.
पोरं मागं लागली होती.

अकरा वर्षांनी पाकीट आलं. आत एक फोटो.
रंगमंचावर नऊ माणसं, सगळी गोरी.
मथुरेनं चष्मा पुसला:
डावीकडून तिसरा. तुमचा शर्ट.
दुसरं बटण काळ्या दोऱ्याचं,
पांढरा संपला होता त्या दिवशी.

मागं बारीक अक्षर.
दुभाषी पोरगा आता बँकेत कॅशियर,
काउंटरच्या जाळीआडून त्यानं वाचून दाखवलं:
पोस्टमन. कारकून. दारुडा मेव्हणा.
एकदा प्रेत, दोन अंक.
पुन्हा पोस्टमन.
खाली तिची सही. आणखी एक ओळ:
कोपर गेलं, रफू केलेलं नाही.

पॉपलिन अजून वरच्या फळीवर आहे.
दुपारी ऊन येतं, घडीच्या कडा पिवळ्या पडल्यात.
गिऱ्हाईक विचारतं, विकायचं का?
मथुरा आतून ओरडते,
अहो, आता तरी बेता.