डाव्या कुशीवर

सोहारच्या इस्पितळात रात्री पावणेतीनला
स्ट्रेचरवरून आला सरफुद्दीन पेवेकर,
कातडी ओल्या खडूसारखी,
नाडी एकशे अठ्ठावीस,
वरचा दाब चौऱ्याऐंशी, खालचा ऐकूच येईना.
मागे त्याच्या खोलीतला टेकबहादुर
निळी बादली सांभाळत, जणू दूध आणलंय.
बादलीत कॉफीचा गाळ.
इथे पाहुण्याला देतात तो कहवा फिकट असतो,
हा तो नव्हता.

शीर सापडेना.
तिसऱ्यांदा टोचताना मी तोंडातल्या तोंडात म्हटलं, "अगं ये गं बाई,"
तेव्हा त्याने डोळे उघडले.
"तुम्ही आमच्याकडच्या?"
मी म्हटलं, गुहागरची. शौचाला काळी होते का?
तो भिंतीकडे बघत राहिला.
मग म्हणाला, नऊ दिवस.
"डांबराचं काम आमचं, सिस्टर.
वाटलं, धूरच उतरला असंल पोटात."

गोळ्या? पाठीसाठी. दिवसाला तीन.
आता रोजे, म्हणून सहरीलाच तिन्ही एकदम,
वर चहा.
आणि हळूच, टेकबहादुरला कळू नये म्हणून मराठीत:
"कंपनीला नका सांगू. अनफिट करतात."
पोटात ठेवायचं म्हणून ठेवलं होतं त्याने.
पोटाने ठेवलं नाही.

हिमोग्लोबिन पाच पूर्णांक आठ.
डॉक्टर बद्रिया घरून आल्या,
रुमालात दोन खजूर, खायला वेळ झाला नाही.
म्हणाल्या, आधी माणूस भरा, आत मग बघू.
पण काठोकाठ नको;
सात ओलांडलं की हात आवरा.
पिशवीवर नाव नसतं, नुसता आकडा असतो.
कुणाचं ते त्याने विचारलं नाही,
मीही थेंब मोजत राहिले.

सातला आत घेतला.
"डाव्या कुशीवर वळा," मी म्हटलं,
तो त्याही अवस्थेत हसला:
"वामकुक्षी? न जेवताच?"
दातांत प्लास्टिकची कडी बसेपर्यंत
ते हसू तोंडावर होतं.

पडद्यावर आधी नुसता अंधार,
मग गुठळ्या, मुठीएवढ्या, हलवत नेल्या बाजूला.
जठराच्या पुढच्या वळणावर एक खड्डा,
खड्ड्यात शीर,
ठोक्यागणिक एक पिचकारी.
बद्रियाबाईंनी भोवती अ‍ॅड्रेनॅलिन टोचलं. कडा पांढरी पडली.
क्लिप माझ्या हातात.
उघड. फिरव. अजून. बंद.
घसरली.
कुणी काही बोललं नाही.
दुसरी. उघड. थांब, त्याला श्वास घेऊ दे. बंद.
टक.

मग पाणी मारलं आणि पाच मिनिटं नुसतं पाहिलं.
रक्ताचं पाणी केलं, असं म्हणतात आमच्याकडे
आयुष्यभर राबलेल्या माणसाबद्दल.
त्या पाच मिनिटांत
पाणी पाणीच राहिलं.

बहात्तर तास आम्लाचं औषध, थेंब थेंब.
जंतूसाठी तुकडा काढून पाठवला.
चौथ्या दिवशी मी विचारलं, रंग?
तो लाजला. "तपकिरी."
दोन परकी माणसं
एका रंगावर इतकी खूश झालेली
मी तरी पाहिली नव्हती.

दुपारी कंपनीचा माणूस फाईल घेऊन आला.
बद्रियाबाईंनी अरबीत काय लिहिलं
ते मला नीटसं वाचता आलं नाही.
सहा हा आकडा दिसला.
आठवडे की महिने, विचारायचं राहिलं.

गोळ्यांची उरलेली पट्टी त्याने माझ्या तळहातावर ठेवली.
मग घरी फोन लावला, दाभोळला:
"काय नाय गो. जरासा पित्त झालेला.
इथलं जेवण तिखट."
माझ्याकडे पाहिलं. मी सलाइनची चकती फिरवत होते,
फिरवायची गरज नसताना.
पलीकडून बायको काहीतरी सांगत होती,
ताक पी म्हणत असावी.
"हो," तो म्हणाला, "हो, पितो,"
आणि सवयीने
डाव्या कुशीवर वळला.