फणशांचं कपाळ

यदुनाथ फणशांचं कपाळ मी सव्वीस वर्षं रंगवलं.
चार बोटं रुंद, मधोमध एक उभी आठी.
ती मला कधी काढावी लागली नाही.
आता त्याच आरशासमोर त्यांचा निनाद बसतो,
रंगायतनच्या आतल्या खोलीत, दोन बल्ब गेलेले,
आणि म्हणतो, बाबलकाका, आठी तेवढी काढू नका.

मी म्हणतो, बरं.

सहा वर्षांचा होता तेव्हा इथेच
दाढ्यामिश्यांच्या ट्रंकेवर झोपायचा.
दुसऱ्या अंकात तापानं फणफणलेलं पोर लागायचं
बापाच्या खांद्यावर.
याला झोपेतच उचलून नेत.
एकदा मध्येच जागा झाला
आणि भर रंगमंचावर म्हणाला, बाबा, शू लागली.
आठशे माणूस हसलं.
यदुनाथ वाक्य न तोडता विंगेत आले,
पोराच्या कानाखाली दिली,
आणि परत जाऊन पोर गेल्याचं असे रडले
की पडदा पडल्यावरही कुणी उठेना.
गालावर उठलेली चार बोटं
मी पॅनकेकनं झाकली.
त्याचा पहिला मेकअप तो.

पुढचं निम्म्या नौपाड्याला पाठ आहे.
एकांकिका स्पर्धा, उत्तेजनार्थ. फणशांचा ना तू?
मालिकेत हवालदार, चारशे भाग,
वाक्य एकच : साहेब, गाडी आली.
घोडबंदरच्या टॉवरांतून वाढदिवसाला अस्वल,
मे महिन्यात, आत बनियन पिळून निघायचं.
मग वागळेतल्या एका स्टुडिओत
कार्टूनमधल्या घोड्याचा आवाज.
घोडा झकास करायचा. नात आणि मी रोज बघायचो.
तलावपाळीवर भेळ खाता खाता एकदा म्हणाला,
घोड्याला कुणी विचारत नाही, काका, कुणाचा तू.
समोर खांबावर बापाच्या पुण्यतिथीचा फलक,
एका दोरीवर लोंबणारा.
भेळ माझ्या हातात देऊन
हा वर चढला, बांधून आला.

आता तेच नाटक पुन्हा उभं राहिलंय.
जाहिरातीत बाप मोठ्या टायपात, हा खाली.
कोटही तोच, खांद्यात दोन इंच सैल,
मी पाठीमागून टाचण्या लावतो.
पहिल्या रांगेतले म्हातारे
त्याच्या आधी वाक्यं म्हणतात, ओठातल्या ओठात,
आणि तो कुठे चुकतो याची वाट बघतात.

रात्रीच्या प्रयोगाला पोर कोण देणार,
म्हणून हल्ली कापडाची बाहुली असते.
ती खांद्यावर घेऊन हा विंगेत येतो.
तिथे अंधार. पावडरचा पफ घेऊन मी उभा.
बाहुली तो ट्रंकेवर ठेवतो, हळू,
डोकं आधी नीट टेकवतो,
माझ्या खांद्यावरचा पंचा ओढून तिच्यावर घालतो.
प्रेक्षागृहात एकदा खोकल्याचा आवाज येतो.
मग जातो बाहेर,
आणि रडत नाही. नुसता बसतो.

बापाची सर नाही, म्हणतात म्हातारे, पायऱ्या उतरताना.
असेल. मी समोरून कधी पाहिलंच नाही,
दोघांनाही.

कपाळावर काय लिहिलं ते सटवाईला ठाऊक,
मी वरून रंग लावणारा
आणि खोबरेलानं पुसणारा.
परवा पुसता पुसता मधोमध एक रेघ राहिली.
वाटलं रंगच असेल. पुन्हा तेल घेतलं,
बोळा बदलला.
तो आरशात बघत होता.
म्हणाला, राहू द्या काका,
कोलशेतची शेवटची बस जाईल.