काळी दोनच्या जरा खाली

माझी खोली धानाच्या गिरणीवर आहे,
वडश्याला, रेल्वे फाटकापाशी.
गिरणी चालू असली की भिंतीतून एक सूर येतो,
काळी दोनच्या जरा खाली.
रजया टांगून पाहिल्या, अंड्यांचे ट्रे चिकटवले,
शेवटी पेटीच्या पितळी सुरांवर कानस मारून
तिच्या सुरात आणली पेटी.
नऊ वर्षांतल्या माझ्या सगळ्या माहितीपटांखाली
कोणाचं तरी धान भरडलं जातंय.

त्याआधी नाटकात ऑर्गन वाजवायचो,
दिवाळी ते होळी, रोज नवं गाव.
खलनायक विंगेतून निघाला की पाय दाबायचा,
बाई रडली की वरचं सप्तक.
आपण रडतोय हे तिलाही ठाऊक असायचं.

आता पुण्याहून इरा लेले फाइल पाठवते.
बोडीटोल्याच्या धिवर बायांचा तलाव:
बेशरम उपटलेली, गाळात देवधान लावलेलं,
दाडक, बोटरी परत आलेली.
चौदाव्या मिनिटाला इरा विचारते,
तलाव मेला होता तेव्हा काय वाटायचं?
फुलनबाई नान्हे पाण्याकडे बघते.
बोलत नाही. सहा सेकंद. सात.
इरानं कोपऱ्यात लिहिलंय: इथं तुमचं काम.

दोन रात्री घालवल्या त्या सात सेकंदांवर.
बासरी नको म्हटलं, बासरीनं गावं फार स्वस्त केली.
खर्जाचा एकच सूर धरला, गिरणीच्याच अंगाचा,
वर ऑर्गनचा भाता नुसता उघडमीट, सुराशिवाय,
श्वास वाटावा असा.
इरा फोनवर गप्प झाली. मग म्हणाली, बास.
दिल्लीला कुठंतरी बक्षीस मिळालं,
त्यात संगीताचा वेगळा उल्लेख होता.

फेब्रुवारीत बोडीटोल्याला दाखवला,
शाळेच्या भिंतीवर चादर ताणून.
चौदावं मिनिट आलं. माझा सूर आला.
बाया खुदखुदल्या, मग सगळं गावच,
आणि पदर तोंडावर घेऊन
फुलनबाई सगळ्यात जास्त.

काय झालं जी?
"काही नाही बा. तोंडात खर्रा होता.
पोरगी कॅमेरा धरून उभी, थुकू कोठी?
थेच पाहत होती मी, इकडं थुकू का तिकडं.
तुमी थे घुंऽऽ आनलं तं मले वाटलं,
आता फुटते तरावाची पार!"

आणि तलाव मेला होता तेव्हा?
"तवा कोठी होतो जी आमी गावात.
तेलंगनात जाओ, मिरच्या तोडाले."
मिरचीनं हात रात्रभर कसे पेटायचे
ते तिनं पाची बोटं फाकवून दाखवलं,
मघाचं हसू तोंडावर तसंच.
हे कुठल्याच मिनिटात नव्हतं.

घरी येऊन फाइल उघडली.
खर्ज काढला, ठेवला, परत काढला.
भाता तेवढा राहू दिला.
आता तो मला तोंड भरलेल्या बाईचा
नाकातला श्वास वाटतो,
आणि तेव्हा ती खरंच तसाच घेत असेल.

इराची नवी फाइल आलीय, मोहफुलांवर.
नवव्या मिनिटाला एक म्हातारा गप्प आहे.
चित्र थांबवून, मोठं करून
मी आधी त्याचा गाल पाहिला.

खाली झनकलालनं पट्टा बदललाय वाटतं,
गिरणी आज एका श्रुतीनं चढलीय.
कानस इथंच कुठंतरी ठेवली होती.