तिथेच

सिव्हिल लाइन्समध्ये, हायकोर्टाच्या दगडी इमारतीपासून
थोडं पुढे, झेरॉक्सवाल्याच्या मागच्या खोलीत
माझं टेबल.
कूलरच्या वाळ्यावर मगाने पाणी मारतो
आणि लोकांचे जबाब मराठीतून इंग्रजीत नेतो.
पानाला साठ रुपये.
खुनाचं पानही साठच.

भाग्यवान हेडाऊ, वय बावीस, राहणार तांडापेठ.
तीनशे दोन, सोबत चौतीस.
सत्र न्यायालयाने जामीन नाकारला, अकरा पानांत.
त्याची बहीण करुणा म्हणते, अपील करायचं आहे.
कागदावर तो नुसता अर्ज असतो,
पण तिच्या तोंडी अपील म्हटल्यावर
तो जरा उंच होतो,
म्हणून मी तिला दुरुस्त करत नाही.

अकराव्या पानावर कारण आहे, एका ओळीत:
साक्षीदार क्रमांक चारनुसार
आरोपी घटनेच्या वेळी तिथेच उभा होता.

तिथेच.

क्रमांक चारचा गोळीबार चौकात पानठेला आहे.
त्याला मी भेटलेलो नाही, पण त्याची भाषा माझ्या घरातली आहे.
तसा माणूस "तिथेच उभा होता" म्हणत नाही.
तो म्हणाला असेल,
"होता न जी तो बी. सारा मोहल्ला होता."
लिहून घेणारा हवालदार दूरच्या जिल्ह्यातला,
रात्रीचे अडीच वाजलेले,
त्याने वाक्याला इस्त्री फिरवली
आणि बी गळून तिथे च आला.

बी म्हणजे गर्दीतला एक.
च म्हणजे
कॉलर धरून गर्दीतून बाहेर ओढलेला.

इंग्रजीत च नाही.
त्याच्यासाठी दोन-तीन शब्द उभे करावे लागतात.
नाही केले तर कोणाला कळणार?
मेच्या उन्हात एक अक्षर वाळून गेलं,
इतकंच.
पण प्रत्येक पानाखाली मी सही करतो:
खरे व अचूक भाषांतर.

आणि त्याच गठ्ठ्यात,
टाचणीने गंजलेल्या कोपऱ्याखाली,
मयताच्या आईचा जबाब.
हवालदाराची इस्त्री इथे कशी कोण जाणे थांबली होती:
"माह्या पोराले पाणी बी नाही पाजलं कोणी."
या कोणीमध्ये कोण कोण येतं
हे मी बराच वेळ ठरवत बसलो.
कूलर कोरडा फिरत होता.

मग च टाइप केला.
पूर्ण, तिन्ही शब्दांत.
आणि वकिलांना, नंदनवारसाहेबांना, फोन करून
बोलीचं सांगितलं.
ते म्हणाले, बघतो.

सुट्टीतलं कोर्ट, बोर्डावर त्रेचाळिसावा नंबर.
साहेब चार मिनिटं बोलले,
त्यातलं अर्धं मिनिट माझ्या बी-वर.
सरकारी वकील म्हणाले, गुन्हा गंभीर आहे.
तोही खोटं बोलत नव्हता.
न्यायमूर्तींनी पान उलटलं, परत मागे घेतलं,
मूळ जबाब मागवला,
पुढची तारीख सुट्टीनंतरची.

बाहेर करुणा तोंडाला दुपट्टा बांधून
स्कूटरच्या सावलीत उभी, म्हणजे जेवढी असते तेवढ्या सावलीत.
"नाही म्हटलं का?"
नाही म्हटलं नाही.
"मंग हो?"
हो बी नाही.

तिने बोटांवर बुधवार मोजले.
वर्धा रोडच्या भिंतीआड तो दोन बनियान मागतो आहे,
सुती, बिनबाह्यांच्या.
मग अचानक,
"तुमी का लिहलं जी तिथं?"
जे लिहिलेलं होतं ते.
ती माझ्याकडे बघत राहिली,
दुपट्ट्यातून फक्त डोळे,
आणि पर्समधून घड्या मारलेल्या नोटा काढल्या.

एकोणचाळीस पानं झाली होती.
मी अडतिसांचेच घेतले.
कोणतं सोडलं
ते तिने विचारलं नाही.