शिवणीतली माया

भूपाल मगदूमचं माप मला पाठ आहे.
छाती छत्तीस, कंबर तीस, बाही तेवीस.
हे त्र्याऐंशी सालचं.
एकोणीसच्या पुरात खणभागातल्या माझ्या दुकानात
गळ्याएवढं पाणी होतं,
मापांच्या वह्यांचा लगदा झाला,
नगरसेवक, नवरदेव, सगळे एकाच निळ्या डागात गेले.
हा तेवढा राहिला, बोटांत.

मार्केट यार्डात तो हळदीचा तोलार.
सकाळी सौदे, पोती, काटा.
दुपारी एसटीनं कोल्हापूर.
रात्री हवालदार.
कंपनीचे कपडे बसत नाहीत म्हणून
स्वतःच्या पैशानं खाकी शिवून घेतली.
"हावळ, माया भरपूर ठेव," म्हणाला,
"बढती मिळंल न मिळंल, पोट सुटणारच."

बढती मिळाली नाही.
एकेचाळीस सिनेमे, बहुतेक हवालदार,
एकदा कंपाउंडर,
एकदा प्रेत.
प्रेताचं काम जीव ओतून केलं, पद्माक्का सांगायची,
नाकावर माशी बसली तरी हलला नाही.
तो सीन नंतर कापला.

वाक्यं दोनच.
"साहेब, गाडी आली."
आणि गर्दीला, "चला, मागं सरा, मागं सरा."
हे दुसरं तो माझ्या कटिंगच्या टेबलापाशी म्हणून बघायचा.
कधी दरडावून, कधी दमून,
कधी असं, की गर्दीच्या मधोमध
त्याच्याच घरचं कुणी पडलंय
आणि ते फक्त त्यालाच ठाऊक आहे.
मी म्हणायचो, अरे, कॅमेरा हिरॉइनीवर असतो.
"असू दे की. गर्दी सरकाय पायजे."

कॉलरला कायम पिवळी कड.
एका कॅमेरावाल्यानं झापलं,
हवालदार कालच बोहल्यावर चढला काय?
धुऊन जाईना, मी कॉलर उसवून उलटी लावून दिली.
टायटलात नाव आलं एकदाच, 'भोपाळ मगदूम'.
आम्ही सातजण तिकीट काढून गेलो होतो.
अंधारात तो हळूच म्हणाला,
"गाव तरी मोठं दिलं."

दर दोन-तीन वर्षांनी मी शिवण उसवायचो.
बत्तीस. साडेतेहतीस. छत्तीस.
बाहेरची खाकी उन्हानं विटलेली,
आत दडलेली मात्र पहिल्या दिवसासारखी,
दोन्ही कुशींना गडद रेघ उमटायची
झाडाच्या खोडात उमटते तशी.
पडद्यावर ती कधी दिसली नाही, मी बघायचो.
पुढं मालिका आल्या.
एकशे दहा भाग तो एका दाराशी उभा होता.
लोकांना ते दार आठवतं.

दोन हजार चारला माया संपली.
मी तसं सांगितलं, तर बाकड्यावर बसला,
दोन चहा सांगितले, पिला नाही.
शेवटी शाळेच्या चड्डीच्या खाकीचा जोड घातला.
रंग जुळला नव्हता.
तो म्हणाला, जुळलाय.

परवा आला. पद्माक्का गेल्यानंतर पहिल्यांदाच.
अठ्ठ्याहत्तर वय, पिशवीत तीच खाकी.
कोल्हापूरची पोरं मोबाइलवर दिसणारं काहीतरी करतायत.
काम काय, तर रिटायर हवालदार खुर्चीत बसलाय.
वाक्य नाही.
रिटायर माणूस वर्दी घालून कशाला बसेल, मी विचारलं.
"पोरास्नी म्या न्हाई विचारलं," म्हणाला,
"तूबी विचारू नगंस."

टेप लावली. अठ्ठावीस.
आधी जोड काढला.
मग कुशी आत घेतल्या, बोटबोट, मग चार बोटं,
कात्री हातात घेतली होती, ठेवून दिली.
एवढं कापड आत दुमडून
शिवण मारली.

घालून तो आरशापुढं उभा राहिला.
बटणं लावताना हात थरथरत होते,
टोपी घातल्यावर थांबले.
दुकानात आम्ही दोघंच.
फिटिंग कशी बसलीय ते बघायला
मी दोन पावलं
मागं सरलो.