स्वखुशीने

आंब्रोलाउरीच्या नोटरी कचेरीत
सतरा वर्षं मी एकच शब्द टंकते आहे:
स्वखुशीने.
नवा कीबोर्ड आला,
तरी दिवे गेल्यावरही बोटं
नेमकी त्याच कळांवर जातात.

कायद्याच्या पुस्तकात बहीण आणि भाऊ
एकाच ओळीत उभे आहेत, एकाच उंचीचे.
पुस्तक फळीवर असतं.
त्याच्यावर धूळ नाही; मीच पुसते.

बर्फ वितळलं की बहिणी येतात,
बापाच्या वर्षाचं जेवण उरकून,
चांगला कोट घालून, केस रंगवून,
जणू कुणाच्या तरी लग्नाला निघाल्यात.
भाऊ बाहेर मोटार चालू ठेवून थांबतो.
कुणी त्यांना ओढून आणत नाही.
हे मुद्दाम सांगते: कुणीच नाही.
ना धमकी, ना एक चढा शब्द.
फक्त, बहिणीनं वाटा घेतला,
हे वाक्य आमच्याकडे अजून कुणी पुरं केलेलं नाही.
अर्ध्यावर येऊन माणसं खोकतात
आणि चहाची किटली बघायला उठतात.

नाझिब्रोला आली
बर्फ वितळायची वाट न बघता.
वय अठ्ठावन्न, बेकरीत रात्रपाळी,
मनगटांवर भट्टीचे चटके.
नोटरीबाईंनी नियमाप्रमाणे विचारलं,
कुणाचा दबाव?
"छे! जुंबेर गुणाचा आहे.
आईच्या शवपेटीला त्यानंच खांदा दिला,
माझ्याही देईल."
पेन कागदाला टेकलं, मग उचललं:
"तेवढं अक्रोडाचं झाड वगळा."

रकाना नव्हता.
घर, अंगण, द्राक्षमळा, गुरं नसलेला गोठा,
सगळ्यांना रकाना. झाडाला नाही.
झाड जमिनीबरोबर जातं, नोटरीबाई म्हणाल्या.
"मी लावलंय ते. सहावीत होते.
हा तेव्हा पाळण्यात होता."

जुंबेरला आत बोलावलं.
तो हसला,
मग ते हसू तोंडावर तसंच राहिलं,
दिवसा जळत राहिलेल्या दिव्यासारखं.
"झाडापायी, नाझी? लोक काय म्हणतील?"
खोलीत आम्ही चौघंच होतो
आणि खुर्च्या कमी पडल्या.

सही झाली नाही.
झाड मागायला आलेली बाई
कायद्याने अर्धा मळा घेऊन गेली,
आणि चुकून आमचं पेन.

ऑगस्टात, गावच्या संताच्या दिवशी,
लांब टेबलाच्या टोकाला तमादा उठला.
पुरुष सगळे उभे राहिले.
"बायकांसाठी! आमच्या आया, आमच्या बहिणी,
घराचे मधले खांब!"
वाइनची शिंगं तळापर्यंत रिकामी झाली.
आम्ही खांब स्वयंपाकघरात होतो,
घेवडा ढवळत. भिंतीतून ऐकलं.
कुणीतरी म्हणालं, सुंदर बोलतो.
खरंच सुंदर बोलतो.

नाझिब्रोला नव्हती.
येऊ नको असं तिला कुणी म्हटलं नव्हतं.
निरोप द्यायचा ज्यानं, त्याला वाटलं
दुसऱ्यानं दिला असेल.

ऑक्टोबरात आली, पेन परत करायला.
हात मनगटापर्यंत काळे,
अक्रोडाच्या हिरव्या सालीचा डाग,
साबणाला दाद देत नाही.
टेबलावर आठ अक्रोड ठेवले.
मी विचारलं, जुंबेर?
"बोलत नाही."
मग दाराशी थांबून:
"पण शिडी लावून ठेवलेली असते झाडाला."

मीही सही केली होती, याच टेबलावर,
नऊ वर्षांपूर्वी.
मसुदा स्वतःच टंकला, एकही चूक नाही.
भावानं नंतर केक आणला होता.
चव अजून आठवते, चांगला होता.

परवा एक मुलगी आली, तिशीही नसेल,
चांगला कोट, बाहेर मोटार.
मी "स्व" टंकलं
आणि नियमात नसलेलं काही विचारलं:
तुम्ही एखादं झाड लावलंय का तिथे?

ती माझ्या काळ्या नखांकडे बघत राहिली.
बाहेर भावानं हॉर्न वाजवला,
एकदाच, हळू, प्रेमानं.