मागील सेवेच्या पडताळणीबाबत

पत्र रजिस्टर्ड डाकेनं आलं, सोमवारी, जेवणाच्या सुट्टीत.
श्रीमती वत्सला बारसागडे, वनस्पतिशास्त्र,
जुलै एकोणनव्वद ते एप्रिल एक्याण्णव,
आपल्या महाविद्यालयात होत्या किंवा कसे,
उलटटपाली कळवावे.
‘किंवा कसे’खाली कुणीतरी
लाल पेन्सिलीनं रेघ ओढलेली.

मी इथं आलो दोन हजार सहात.
कॉलेज त्याआधीच राइस मिलच्या गोदामातून
या स्लॅबखाली आलं होतं.
सामान आणलं होतं धानाच्याच पोत्यांतून,
अजूनही कपाट उघडलं की
मस्टरांतून कोंडा गळतो.

अठ्ठ्याऐंशीचं मस्टर आहे. ब्याण्णवचंही.
मधली वाळवीनं वाचून काढली,
कव्हर तेवढं ठेवलं, शिक्क्यासकट.
पगारपत्रकात त्या नाहीत.
तासिकेवरची माणसं पगारात नसतात,
व्हाउचरवर असतात,
आणि ऑडिट झालं की व्हाउचरांची
चहाच्या चुलीशी ओळख होते.

गेडामला विचारलं. तेव्हाचा शिपाई,
रिटायर झाला तरी चावी त्याच्याचकडं.
“होत्या ना जी. लेडीज सायकल होती, हिरवी.
पोरायले घेऊन जंगलात जायच्या,
येताना समद्यायच्या खिशात पाला.
तुमच्या कागदात सायकल बसते का?”
नाही बसत, म्हटलं.
“मंग माह्यी सही घ्या.”
घेतली. कोणत्या रकान्यात, ते अजून ठरलेलं नाही.

प्रयोगशाळेत वाळवलेल्या पानांचे कागद निघाले:
धावडा, बिबा,
चहाच्या रंगाची झालेली कुड्याची फुलं.
कोपऱ्यात बारीक अक्षर, व. बा., १४ ऑगस्ट.
साल नाही.
प्राचार्य म्हणाले, व. बा. कुणीही असू शकतं,
आपले कोषाध्यक्ष नाहीत का, वसंतराव बांबोळे?
वसंतरावांनी जन्मात बिब्याला हात लावला नसेल,
पण मी गप्प बसलो.

शुक्रवारी लाइन गेली.
मोबाइलच्या उजेडात ग्रंथालयाची देवघेव वही,
पान एकशे बारा.
पूर्ण सही. तारीख. साल एकोणीसशे नव्वद.
गवतांवरचं एक पुस्तक, किंमत बेचाळीस रुपये.
परतीचा रकाना कोरा.
आणि पुढं दर मार्चला, वेगवेगळ्या शाईत, वेगवेगळ्या हातांनी:
येणे बाकी.
येणे बाकी.
येणे बाकी.
शेवटची सतरा वर्षं माझं अक्षर.
दरसाल मीच लिहीत आलो होतो त्यांचं असणं,
नाव न वाचता.

उत्तर टाइप केलं: सदर व्यक्ती या महाविद्यालयात होत्या.
सोबत पान ११२ ची साक्षांकित प्रत.
प्राचार्यांनी सही करता करता विचारलं, दंड किती झाला?
हिशेब लावतो सर, म्हटलं,
आणि वही कपाटात मागे सारली.

गेडाम पाकिटाला डिंक लावत होता.
“सायकलचं लेहलं का?”
जावक रजिस्टरला एक शेरा म्हणून रकाना असतो,
कुणी भरत नाही.
तिथं लिहिलं: हिरवी.